कोल्हापूरच्या शाहूपुरीतली आमची बँक, कॉम्प्युटर यायच्या आधीची सर्व्हिस: 4/5

ज्यांनी फक्त एटीएम आणि यूपीआय बघितलंय त्यांच्यासाठी लिहितोय. शाहूपुरीत गुळाच्या अडतींजवळ आमचं खातं होतं, त्या शाखेची सर्व्हिस संथ पण लई चोख. चेक दिला की क्लार्क पितळी टोकन हातात ठेवायचा, मग चेक लेजरवाल्याकडे, तो जाडजूड लेजर (खातेवही) उघडून शिल्लक बघणार, शाईनं रक्कम नावे टाकणार म्हणजे खात्यातनं वजा करणार, मग ऑफिसर नमुना सहीचं कार्ड काढून सही ताडून बघणार आणि मग कुठं कॅशियर टोकन नंबर पुकारणार. गुळाच्या सीझनला यात तासभर सहज जायचा, एक स्टार त्याचाच कापला.

खरी मेहनत मात्र दुपारी व्यवहार बंद झाल्यावर सुरू. कॅश, व्हाउचर, डे बुक (रोजच्या व्यवहारांची वही) सगळं टॅली झालंच पाहिजे, दहा पैशाचा फरक आला तरी शोधत बसायचे बिचारे. जून आणि डिसेंबरअखेरीला तर एकेका खात्याचं व्याज हातानं काढायचे. बचत खात्यावर महिन्याच्या 10 तारखेपासून महिनाअखेरपर्यंत जी कमीत कमी शिल्लक असेल तेवढ्यावरच व्याज, म्हणून आईचा घोषा एकच, पैसे 10 च्या आत भरा रे! (रोजच्या शिल्लकेवर व्याज 1 एप्रिल 2010 पासून मिळायला लागलं, ते बेस्ट झालं.)

पासबुकातली हातानं लिहिलेली एंट्री आणि शेजारची बारीक सही आजपण स्वच्छ वाचता येते, हल्लीच्या प्रिंटरची शाई कधी उडते कळत पण नाही.