पोट्ट्याला चवीच्या क्लासला टाकलं, १,८०० रुपये वसूल झाले का?

आधीच सांगते, नाव लिहिणार नाही. पुढे तक्रारी पण आहेत आणि बाई मनाने चांगल्या आहेत, उगाच कुणाच्या पोटावर पाय नको. नागपुरात खामल्याकडे एका घराच्या खालच्या हॉलमध्ये हा क्लास चालतो, ३ ते ७ वर्षांच्या मुलांसाठी, ४ रविवार, सकाळी साडेनऊ ते अकरा. फी १,८०० आणि किट घेतलं तर ६५० वेगळे. मुलांना नवीन काही खाऊन बघायची सवय लागावी म्हणून हा क्लास. आम्ही नोव्हेंबर-डिसेंबरच्या बॅचला टाकलं, चिरंजीव साडेचार वर्षांचे.

आता टाकलं काऊन, तर त्याचं खाणं ऐका. वरणभात, आलूची सुकी भाजी, पोळी तूप-साखर लावून, बिस्कीट, दूध आणि पोहे. पोह्यातला कांदा, फल्लीदाणे, सांबार सगळं वेचून ताटाच्या कडेला, म्हणजे एक प्लेट पोहे खायला पाऊण तास आणि त्यातला अर्धा तास नुसता वेचण्यात. (फल्लीदाणे म्हणजे शेंगदाणे आणि सांबार म्हणजे कोथिंबीर, पुण्या-मुंबईच्या लोकांनी इडली आणू नका मधे.) सासूबाई मोबाईल लावून द्यायच्या आणि एक घास चिऊचा एक घास काऊचा करत भरवायच्या, एवढ्या मोठ्या पोट्ट्याला! मी काही बोलायला गेले की "तुझा नवरा असाच वाढला". नवरा आजही वांगं खात नाही हा भाग वेगळा.

पहिल्या रविवारी पोरांना सांगितलं, आज खायचंच नाही. समोर अंबाडी, मेथी, सांबार, पालक, एक संत्रं आणि एक मोसंबी. हात लावा, चुरगाळा, वास घ्या. आमच्या हिरोने सांबाराचा वास घेतला आणि जोरात म्हणाला, "हे तर पोहे आहेत!" म्हणजे बघा, वर्षभर जे काडी काडी वेचून फेकून राहिला त्याचाच वास त्याच्या डोक्यात पोहे म्हणून बसला होता. संत्र्याचं तर काय सांगू, नागपूरची पोरं, पण दहातल्या चौघांना साल कुठून सोलायची माहीत नाही, संत्रं म्हणजे बर्फी नाहीतर बाटलीतला ज्यूस. आणि आंबिया बहाराचं (हिवाळ्याच्या तोंडी येणारं) संत्रं बाजारात गाड्यावर ढिगाने पडलं होतं तेव्हा.

मग ज्याला वाटेल त्याने तोंडात घालून बघायचं, आणि इथे त्या बाईंची सगळ्यात भारी आयडिया. प्रत्येक पोरासमोर एक छोटी स्टीलची वाटी, तिचं नाव थुंकवाटी. नाही आवडलं तर त्यात थुंकायचं, कोणी काही म्हणणार नाही. फक्त "शी" म्हणायचं नाही, कसं लागलं ते सांगायचं, आंबट, कडू, करकरीत, बुळबुळीत. मी मागे प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून बघत होते. ह्याने अंबाडीचं पान तोंडात घातलं, डोळे मिटले, नाक आक्रसलं, थुंकलं, आणि मग मान वळवून माझ्याकडे पाहिलं, आता ओरडा पडणार म्हणून. मी काहीच बोलले नाही, बाईंनी तशी ताकीदच दिली होती. दोन मिनिटांनी त्याने तेच पान परत उचललं आणि टोक चावलं. "आंबट आहे," म्हणाला, "चिंचेसारखं." १,८०० पैकी हजार तर मला तिथेच वसूल वाटले.

घरी हे सांगितल्यावर सासूबाई दोन दिवस बोलल्या नाहीत. अन्न थुंकायला शिकवतात आणि त्याचे पैसे घेतात! त्यांचंही चूक नाही हो, त्यांच्या माहेरी पानात टाकलेलं शीत उचलून खायला लावायचे. पण मी बघितलं की थुंकता येतं म्हटल्यावर पोरगं तोंडात घालायला घाबरत नाही. नाहीतर आपल्याकडे एकदा तोंडात गेलं की गिळेपर्यंत सुटका नाही, मग ते तोंडच उघडत नाही ना बाप्पा.

बाई पालकांना जे सांगतात ते थोडक्यात असं, की ताटात काय वाढायचं, कधी वाढायचं, कुठे बसून खायचं हे आपण ठरवायचं, आणि त्यातलं खायचं की नाही, किती खायचं हे पोराने. हे काही त्यांनी शोधून काढलेलं नाही, बालआहारातली जुनीच गोष्ट आहे, पण आपण नेमकं उलटं करतो. काय करू ते पोराला विचारतो आणि किती खायचं ते आपण ठरवतो. दुसरं म्हणजे साधारण २ ते ६ वर्षांत पोरं नवीन पदार्थाला बिचकतातच, नुकतंच चालायला लागलेलं पोर दिसेल तो पाला तोंडात घालू नये म्हणून ही सोय असावी असं म्हणतात, आणि कडू चव त्यांना आपल्यापेक्षा जास्त टोचते. त्यामुळे एखादी भाजी ८-१०, कधी १५ वेळा समोर यावी लागते तेव्हा कुठे ती ओळखीची होते. आपण तिसऱ्या वेळी "ह्याला आवडतच नाही" म्हणून मोकळे.

दुधाचं पण बोलल्या. आमच्याकडे दिवसाला ३ मोठे ग्लास, चॉकलेट पावडर टाकून. एवढ्याशा पोटात दिवसाचं ५०० मिलीच्या वर दूध गेलं तर भूक राहत नाही, आणि नुसत्या दुधावर राहिलं की लोह कमी पडतं. ही गोष्ट आमच्या मुलांच्या डॉक्टरांनी वर्षभरापूर्वी अगदी अशीच सांगितली होती, आम्ही हो हो म्हणून घरी येऊन ग्लास भरला होता. आता दूध दोनदाच, छोट्या कपात, बिना पावडर. पहिले चार दिवस घरात रणकंदन झालं, पाचव्या दिवशी साडेअकरालाच "भूक लागली" म्हणून किचनमध्ये हजर. हा शब्द मी त्याच्या तोंडून त्याआधी ऐकल्याचं आठवत नाही.

दुसऱ्या रविवारी गोकुळपेठ मार्केट. प्रत्येकाला २० रुपये, आणि कधीच न खाल्लेली एक वस्तू स्वतः मागून घ्यायची. एका पोरीने दोडकं घेतलं, एकाने मुळा, तो त्याच्या कमरेएवढा. आमच्याने शिंगाडे घेतले, कारण "ह्याला बैलासारखी शिंगं आहेत". भाजीवालीने विचारलं कच्चे की उकडलेले, तर म्हणाला शिंगंवाले द्या. गाडीत मांडीवर पिशवी, टोचतेय तरी सोडत नाही. घरी उकडून सोलून बारीक तुकडे करून दिले, एक खाल्ला, एक मला, एक आजीला भरवला. मोबाईलशिवाय! आजी एकदम खूश, क्लासवरचा राग त्या दिवशी अर्धा उतरला.

तिसऱ्या रविवारी स्वयंपाक आणि इथे माझं जमलं नाही. पोरांनी ज्वारीच्या छोट्या भाकऱ्या थापल्या, पुडाच्या वडीत सारण भरलं (तळायला बाई स्वतः), ते सगळं मस्त. पण मोडाच्या मुगाच्या सलाडमध्ये अख्खे फल्लीदाणे! समोर ३ वर्षांची लेकरं बसलेली, हसून राहिली, पळून राहिली, आणि तोंडात अख्खा दाणा. हे घशात अडकू शकतं, ४-५ वर्षांच्या आत अख्खे दाणे, पॉपकॉर्न, अख्खी द्राक्षं द्यायची नसतात, द्राक्ष उभं चिरून, दाण्याचा कूट करून. मी उठून सांगितलं तर "अहो आमच्याकडे सगळे खातात". मग दुसऱ्या एका आईने पण सूर लावला तेव्हा वाट्या परत घेऊन कूट केला. आणि फल्लीची, दुधाची ॲलर्जी आहे का हे फॉर्ममध्ये विचारलेलंच नव्हतं. खाण्याच्या क्लासमध्ये हे पहिलं विचारायला पाहिजे, इथे मी चांगलीच तापले होते.

त्याच दिवशी शेवटी गुळाची नाचणी बिस्किटं विकायला ठेवली होती, "शुगर फ्री, हेल्दी" म्हणून. गूळ काय मग, भाजी आहे का? एक बाई कडेवरच्या दीड वर्षाच्या बाळाला ते बिस्कीट चारत होती, हेल्दी लिहिलंय म्हणून. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२३ च्या मार्गदर्शक सूचनांत ६ ते २३ महिन्यांच्या बाळांना जास्त साखरेचे पदार्थ नकोत असं स्पष्ट आहे, आणि गूळ घातला म्हणून ते सुटत नाही.

किट घेऊ नका. त्यात प्लास्टिकची खणांची प्लेट, लाकडी चाकू आणि स्टारचा तक्ता, भाजी खाल्ली की एक स्टार. अहो बाई, पहिल्याच दिवशी तुम्हीच सांगितलं ना की "भाजी संपव मग चॉकलेट" असं लालूच दाखवलं की पोराला भाजी म्हणजे शिक्षा आणि चॉकलेट म्हणजे बक्षीस वाटतं? मग हा स्टार काय वेगळा आहे! आम्ही तक्ता लावलाच नाही. प्लेटपेक्षा इतवारीत स्टीलचं खणांचं ताट घ्या, ते पोरगं कॉलेजात जाईपर्यंत टिकेल. चाकू तेवढा चांगला, केळं, काकडी, उकडलेला आलू आरामात कापतो, बोट कापत नाही. आणि हो, पोरांचे फोटो न विचारता इन्स्टाग्रामवर टाकले होते, सांगितल्यावर काढले.

चौथ्या रविवारी पंगत. भरीत, मेथी, कोहळ्याची (लाल भोपळ्याची) भाजी, भाकरी, वरणभात, सगळं मधे ठेवलेलं आणि पोरांनी आपल्या हाताने वाढून घ्यायचं. आमच्याने फक्त वरणभात घेतला. भरताकडे बघून म्हणाला हे चिखल आहे. मी मनात म्हटलं गेले पैसे.

मग मी घरी कालनिर्णयवर पेनाने टिंबं द्यायला सुरुवात केली, कोहळं वाढलं की एक टिंब, एक चमचाभरच वाढायचं, खा म्हणायचं नाही, आपण खात बसायचं. आठव्या टिंबाला त्याने बोट लावून चाटलं. अकराव्याला "गोड आहे" म्हणून खाल्लं. भरीत तर माझ्या ताटातून उचललं, स्वतःच्या ताटातलं तसंच ठेवून. पालक अजून नाही, मेथी थुंकवाटीत. पोह्यातला कांदा अजून वेचतो पण सांबार वेचणं बंद झालंय. आणि नवऱ्याने पोराकडे बघून लाजेकाजेस्तव वांग्याची एक फोड खाल्ली, चेहरा पाहण्यासारखा होता.

५ पैकी साडेतीन देईन. दीड कापला तो दाण्यांसाठी, ॲलर्जी न विचारल्यासाठी आणि त्या बिस्किटांसाठी. दुसऱ्या बॅचला, "ॲडव्हान्स" म्हणतात तिला, टाकणार नाही, जे शिकायचं ते मीच शिकले. शेजारीण तिच्या पोरीला पुढच्या बॅचला टाकतेय. तिला म्हटलं किट घेऊ नको, चाकू आमचा घेऊन जा, फॉर्मवर ॲलर्जीचं पेनाने वरून लिहून दे, आणि वाटी घरूनच ने, तिथल्या कमी पडतात.