मुरमाच्या ग्राउंडसाठी टर्फ सोलचे बूट: काय बघून घ्यावेत आणि कुठे कमी पडतात

मराठवाड्यात कॉलेजच्या फुटबॉल संघात आलेलं पोरगं पहिला खर्च करतं तो लांब खुंट्यांच्या स्टडवर. दिसायला ते बूट देखणे, पण बनवलेत हिरवळीसाठी. खुंटी मऊ जमिनीत रुतली तरच वजन सगळ्या तळव्यावर पसरतं. आपल्याकडे संभाजीनगरच्या आमखास मैदानापासून तालुक्याच्या कॉलेजमागच्या पटांगणापर्यंत दिवाळीनंतर पायाखाली काय असतं? दाबलेला मुरूम, नाहीतर वाळून दगड झालेली काळी माती. खुंटी रुतत नाही. मग अख्खं वजन दहा-बारा टोकांवर येतं आणि तीच टोकं आतून चवड्याला आणि टाचेला टोचत राहतात.

काळ्या मातीच्या भेगा तर फार वाईट. धावता धावता वळताना खुंटी भेगेत अडकली की पाऊल जागेवर राहतं, अंग फिरतं आणि पीळ बसतो गुडघ्याला. एसीएल, म्हणजे गुडघ्याच्या आतला मुख्य लिगामेंट, तुटून ऑपरेशन झालं तर पुन्हा सामना खेळायला साधारण नऊ महिने लागतात, म्हणजे तो हंगाम गेलाच. आंतरविद्यापीठ स्पर्धेला १७ ते २५ वयाची अट असते. पदवीची तीन आणि पुढची दोन वर्षं धरली तरी हातात पाचच हंगाम. कॉलेज, मग विद्यापीठाचा संघ, मग पश्चिम विभागाची आंतरविद्यापीठ स्पर्धा, ही सगळी चढण त्यातच चढायची असते. म्हणून बुटाचा विचार जर्सीच्या आधी करा.

मुरमाला टर्फ सोलच हवा. त्याच्या तळाला खुंट्या नसतात, रबराचे पन्नास-साठ आखूड दाणे असतात. वजन वाटलं जातं, वळताना पाय थोडा सरकतो आणि त्या सरकण्यानेच गुडघा वाचतो. भारतीय कंपन्यांचे असे जोड हजार-पंधराशेच्या आसपास मिळतात आणि कॉलेजच्या सरावाला तेवढे पुरतात.

दुकानात संध्याकाळी जा, कारण दिवसभर चालून पाय किंचित फुगलेला असतो. सामन्यात घालणार तेच जाड मोजे सोबत न्या. उभं राहिल्यावर अंगठ्यापुढे अर्धा ते एक सेंटिमीटर जागा उरली पाहिजे. त्याहून जास्त असेल तर ब्रेक मारताना पाय पुढे आपटतो आणि नख काळं पडतं. ‘घालून घालून सैल होईल’ असं दुकानदार सांगेल. चामडं थोडं सैलावतं. रेक्झिन फारसं सैलावत नाही, करंगळीला घासत राहतं.

मग बूट हातात घेऊन वाकवा. चवड्यापाशी वाकला तर ठीक. मधोमध दुमडत असेल तर ठेवून द्या. दाण्यात नख रुतवून बघा. चांगलं रबर दबतं आणि परत वर येतं. चकचकीत, कडक प्लास्टिकचा तळ मुरमावर बारीक खड्यांवरून घसरतो आणि थंडीत चिरतो. शेवटी सोल आणि वरचा भाग जुळतो ती कड बोटाने चाचपा. तिथे शिलाई असेल तर शंभर-दोनशे रुपये जास्त द्यायला हरकत नाही.

कारण या बुटांचं खरं दुखणं तिथेच आहे. नुसत्या सोल्यूशनवर चिकटवलेला सोल नाकापाशी उघडतो. किक मारताना, जमिनीला घासताना सगळ्यात जास्त ताण नाकावर येतो, त्यात आपलं ऊन. मे महिन्यात पत्र्याच्या खोलीत किंवा गाडीच्या डिकीत ठेवलेल्या बुटाची चिकटण महिनाभरात सुटते. उपाय सोपा आहे. नवा जोड न वापरताच मोच्याकडे न्या आणि मेणाच्या नायलॉन दोऱ्याने कडेने पूर्ण फेरा शिवून घ्या. उघडल्यावर शिवला तर आत गेलेली धूळ पक्कं चिकटू देत नाही. बूट ओले झाले तर आत वर्तमानपत्राचे बोळे कोंबून सावलीत वाळवा.

आतलं इनसोल बहुतेक जोडात कागदासारखं पातळ येतं. ते काढून तीन-चार मिलिमीटरचं फोमचं घाला, पण त्याने बूट घट्ट होतो, म्हणून माप घेतानाच ते घालून बघा. रोज सराव असेल तर टाचेच्या बाहेरच्या कडेचे दाणे आधी झिजतात. तिथला तळ सपाट झाला की बूट बदला, वरून कितीही चांगला दिसला तरी.

जुलै-ऑगस्टमध्ये मात्र हा बूट हरतो. ओली काळी माती दाण्यांत गच्च बसते, दहा मिनिटांत तळाला चपाती चिकटल्यासारखी होते आणि पाय धरत नाही. तेव्हा पातळ काडी खिशात ठेवून मधल्या वेळेत माती काढणं एवढंच हाती असतं. ओल्या हिरवळीवरही तो घसरतो.

म्हणून खुंट्यांचा जोड दुसरा घ्यायचा, तोही विद्यापीठाच्या शिबिराला नाव लागलं आणि पुढचे सामने हिरवळीवर आहेत हे कळल्यावर. त्यात आखूड, गोल खुंट्या निवडा. पात्यासारख्या चपट्या खुंट्या वळताना जास्त पकडतात. चार-पाच सराव पायात घालून मगच तो सामन्याला काढा.