निळे ग्लोव्ह्ज म्हणजे नायट्राइल नव्हे, घेताना नीट बघा

सासूबाई अंथरुणावर आहेत, पाठीला जखम झालीय, ड्रेसिंग रोज घरीच करावं लागतं आणि नर्सनी स्पष्ट सांगितलेलं की नायट्राइलचेच, म्हणजे कृत्रिम रबराचे, ग्लोव्ह्ज आणा, लॅटेक्स म्हणजे नैसर्गिक रबर नको कारण सासूबाईंना त्याची ॲलर्जी आहे, म्हणून ऑनलाइन "नायट्राइल, मेडिकल ग्रेड" असं ठळक लिहिलेला बॉक्स मागवला. ग्लोव्ह्ज निळे, फोटोही तसाच. पण मनगटाशी ढगळ, घालतानाच फाटायचे, आणि नव्या रेनकोटसारखा वास. एका ड्रेसिंगनंतर ग्लोव्ह काढला तर बोट ओलं, आणि ते जखमेचं पाणी होतं. एवढा राग आला ना! बॉक्स उलटा केला तर तळाशी बारीक अक्षरात "व्हिनाइल ब्लेंड".

व्हिनाइल वाईट नसतं, ते पीव्हीसी प्लास्टिक असतं, त्यात लॅटेक्स नसतं, स्वस्त असतं आणि थोडा वेळ धूळ पुसायला, हलकी साफसफाई करायला चांगलं चालतं. पण ते ताणलं जात नाही, लवकर चिरतं, त्यामुळे रक्त, जखम, केमिकल यांच्यासाठी त्याच्यावर विसंबू नये. शिवाय मऊपणासाठी त्यात प्लास्टिसायझर घालतात, ते तेलकट पदार्थात उतरू शकतं, तर स्वयंपाकात वापरणार असाल तर फूड ग्रेड आहे का तेही बघा. मुद्दा हा की निळा रंग कशालाही देता येतो, आणि विकणारे नेमका त्याचाच फायदा घेतात.

विक्रेत्याला फोटो पाठवले तर म्हणे बॉक्स उघडलाय, परत घेणार नाही. अहो, न उघडता कळणार कसं?

म्हणून ऑर्डरच्या आधी स्टँडर्डचा नंबर विचारा. वैद्यकीय तपासणीच्या नायट्राइल ग्लोव्ह्जसाठी एएसटीएम (स्टँडर्ड ठरवणारी संस्था) डी ६३१९ आणि व्हिनाइलसाठी डी ५२५०, हा नंबर सांगायला टाळाटाळ केली तर तिथून घेऊच नका. बॉक्स आला की उघडतानाचा व्हिडिओ काढा, एक ग्लोव्ह जोरात ताणून बघा, नायट्राइल चांगलं ताणून परत जागेवर येतं, व्हिनाइल फाटतं नाहीतर सैल पडतं. आणि एकात लिटरभर पाणी भरून दोन मिनिटं टांगून ठेवा, लॅबमध्येही गळती अशीच तपासतात, थेंब आला तर तो बॉक्स पेशंटसाठी वापरू नका.