जुन्या पीएसपीवर दहा महिने: कॉन्ट्रा चालतो, तिरकी गोळी अडते

डिचोली ते पणजी, रोज गोव्याच्या सरकारी कदंब बसने. त्या तासाभराच्या प्रवासासाठी गेल्या नोव्हेंबरात म्हापशातून जुना पीएसपी-३००० घेतला, म्हणजे सोनीचं हातात धरून गेम खेळायचं मशीन, साडेचार हजारांना. मॉडेल २००८चं. पीएसपीचे गेम खेळायचेच नव्हते. हवा होता लहानपणीचा टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम. त्याच्या कॅसेटवर ‘९९९९९९९ इन १’ लिहिलेलं असायचं आणि आत तेच पंधरा-वीस गेम फिरून फिरून यायचे.

मशीनच्या ६.६१ आवृत्तीवर कस्टम फर्मवेअर, म्हणजे बाहेरचे प्रोग्रॅम चालू देणारं बदललेलं सॉफ्टवेअर, चढवायला एक संध्याकाळ गेली. जुन्या मशीनची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमला इम्युलेटर म्हणतात. आठ बिटवाले गेम नेस्टरजे या इम्युलेटरवर लोण्यासारखे चालतात. गेमबॉय ॲडव्हान्सचे जीपीएसपी या दुसऱ्या इम्युलेटरवर, प्रोसेसर ३३३ मेगाहर्ट्झला नेला की बहुतेक ठीक. सुपर निन्टेंडोला मात्र मशीनला धाप लागते, आवाजही फाटतो. प्लेस्टेशन १ झकास. तो इम्युलेटर खुद्द सोनीचाच.

पडदा ४८० बाय २७२ पिक्सेल, जुना गेम २५६ बाय २४०. पडदाभर ताणला की कॉन्ट्रा या गोळीबाराच्या गेममधले दोन्ही गडी पोट सुटल्यासारखे दिसतात. मी बाजूच्या काळ्या पट्ट्या राहू देतो. खरी तक्रार बाणांच्या बटणांची. चारही सुटी असल्यामुळे वर आणि उजवी एकदम दाबायला अंगठा मोडून घ्यावा लागतो. कॉन्ट्रात तिरकी गोळी वेळेवर सुटली नाही की मेलोच. धबधब्याच्या पातळीला मी बसमध्ये मोठ्याने शिवी दिली. शेजारच्या मावशींनी पिशवी पलीकडे सरकवली.

बॅटरी जुनी होती, फुगून मागचं झाकण उचललं गेलं. ऑनलाइन घेतलेल्या नव्या बॅटरीवर आकडा भला मोठा छापलेला, पण टिकते मूळच्या १२०० एमएएचवालीपेक्षाही कमी. तिला एक तारा देईन तो झाकण बसलं म्हणून.

जूनपासून हाल. आमच्याकडे पावसात चपलांनाही बुरशी येते. गेम ठेवायची मेमरी स्टिक मशीनला दिसेनाशी झाली, पोटात गोळा आला. पिवळ्या पट्ट्या खोडरबरने हलक्या घासल्या, लागली. पूर्वी कॅसेट फुंकून घालायचो ना, ते चुकीचंच होतं. फुंकरीतल्या दमटपणाने पट्ट्या उलट खराब होतात. आता डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाकून ठेवतो.

सेव्ह स्टेट, म्हणजे कुठल्याही क्षणी खेळ आहे तसा साठवणं, सुरुवातीला वापरायचं नाही असं ठरवलं होतं. आठवडाभर टिकलं ते. डिचोलीच्या पुढच्या साखळीचा थांबा चुकण्यापेक्षा बरं, अशी समजूत घातली. डिचोलीवाल्याला साखळीचा थांबा कशाला, ते विचारू नका. झोप आणि गेम दोन्ही लागले की तसं होतं.

चवथीला भाऊ मुंबईहून आला. दोघांनी एकदम खेळायची सोय यात नाही, म्हणून जुनाच नियम: आऊट झालास की दे. गणपतीवर टांगायची फळाफुलांची माटोळी बांधायची तशीच राहिली. आई सुपाऱ्यांचा घोस हातात घेऊन दारात उभी, आणि हा म्हणतो, “थांब गे, शेवटचा जीव आहे.” बघितलं तर पठ्ठ्या गुपचूप सेव्ह करून चालला होता.