चार मिनिटांचे डोहाळे

धाकट्या भावाने परदेशातून येताना ‘गोमाँ ट्रेझर्स’ हा तीन डीव्हीडींचा संच आणला. गोमाँ या फ्रेंच चित्रपट कंपनीचे १८९७ ते १९१३ मधले मूकपट. त्यातली एक तबकडी दिग्दर्शिका आलिस गीची आहे, आणि तिच्यातल्या एका चित्रपटासाठी मी ती तीनदा लावली. नाव ‘मादाम आ देझाँव्ही’, साल १९०६. सरळ मराठीत ‘बाईंना डोहाळे लागलेत’.

जेमतेम चार मिनिटं. दिवस भरत आलेली बाई पुढे आणि पोराची गाडी ढकलणारा नवरा मागे. वाटेत लहान मुलाची चोखायची गोळी, कॅफेतल्या गृहस्थाचा अब्सिंथ या कडक दारूचा पेला, भिकाऱ्याचा हेरिंग मासा, फेरीवाल्याचा पाइप, जे नजरेत भरेल ते ती हिसकावते. प्रत्येक वेळी रस्ता नाहीसा होतो. मागे कोरा पडदा, समोर फक्त तिचा चेहरा. डोळे मिटून, ओठ चाटत ती ते चाखते. नवऱ्याची फजिती सुरूच असते, पण कॅमेरा तिच्या चवीपाशी थांबतो. दोन-दोन तासांच्या चित्रपटांतही गरोदर बाईकडे इतकं नीट पाहिलेलं मी फारसं पाहिलं नाही.

सातव्या महिन्यातली वहिनी शेजारीच बसली होती. मासा आला तशी म्हणाली, “हे मात्र माझंच गो!” तिला भर पावसात, रात्री दहा वाजता सुक्या बांगड्याची किसमूर हवी झाली होती, आणि दादा डिचोलीभर फिरला होता. आई म्हणाली, “आमच्या वेळी पोट पदराखाली झाकायचं.”

मला खटकलं ते भिकाऱ्याचं खाणं घेणं. तिथे हसू आलं नाही.

शेवटी भांडता भांडता बाई कोबीच्या वाफ्यात पडते आणि तिथेच बाळ येतं. मुलगे कोबीत सापडतात अशी फ्रान्समध्ये लोकसमजूत, म्हणून हा शेवट. गोमाँच्या कचेरीत सेक्रेटरी म्हणून लागलेल्या आलिसने हे केलं तेव्हा तिचं लग्नही झालेलं नव्हतं. मुलगी झाली १९०८ मध्ये. तरी डोहाळ्यांचा हा हट्ट तिला नेमका कळला होता.

जुन्या सिनेमाची आवड असेल तर संच जरूर मिळवा. येत्या रविवारी वहिनीचं डोहाळजेवण आहे. ओटी भरायला येणाऱ्या बायकांना हा दाखवायचा, असं आईनेच ठरवलंय.