विपळकाटा: पावसाळा ते उन्हाळा वापरल्यावर

विपळकाटा घेतला तो गेल्या पावसाळ्यात. आता उन्हाळा संपत आलाय, म्हणून "कसा आहे, घ्यावा का" असं विचारणाऱ्यांसाठी एकदाच सविस्तर लिहून टाकतो. निकाल आधीच सांगतो: जुन्या वास्तू आणि जुन्या वस्तू यांच्यावर हा अफाट चालतो. घरात रोज लावून ठेवायचा विचार असेल तर पैसे वाचवा.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. रचना मुहूर्ताच्या जुन्या घटिकापात्राचीच. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची. ती भरत भरत एका घटकेत, म्हणजे २४ मिनिटांत, बुडते. काठावर साठ पळांच्या साठ खुणा. मंतरलेला आहे तो काठावर बसवलेला केसाएवढा काटा. काळ सरळ वाहत असेल तर तो मध्यावर गप्प असतो. काळाला मागे ओढ असेल तर डावीकडे झुकतो, पुढे रेटा असेल तर उजवीकडे. ओढ किती मिनिटांची ते कड्यावरच्या आकड्यांवरून वाचायचं. नावात विपळ असलं तरी ते मनावर घेऊ नका. विपळ म्हणजे ०.४ सेकंद, इतकं बारीक वाचायला काटा स्थिर राहायला हवा, आणि शेजारच्या खोलीत मिक्सर लावला तरी हा थरथरतो. पळापर्यंत, म्हणजे २४ सेकंदांपर्यंत, बिनधास्त भरवसा ठेवा.

थंडीत मात्र जपून. गार पाणी जरा दाट वाहतं, भोकातून हळू शिरतं, वाटी उशिरा बुडते आणि पुण्यातल्या डिसेंबरच्या पहाटे अख्खं घर मागे पडल्यासारखं दिसतं. पाणी आदल्या रात्रीच घरात भरून ठेवलं तर फरक बराच कमी होतो. माहितीपत्रकात याबद्दल एक ओळ नाही. बोअरचं पाणीही टाळा, भोकाला क्षार धरतात. तांबं चिंच-मिठाने घासा, पण काट्याला हात लावू नका.

याचा खरा कस लागला तो मुंबईत. गिरगावात मावशीच्या चाळीत वाटी सोडली तर काटा डावीकडे सरकत ३९ वर गेला आणि तिथेच बसला. मावशी म्हणाली, "अरे, बिघडलंय तुझं ते." काही बिघडलेलं नव्हतं. १ जानेवारी १९०६ पासून मिर्झापूरजवळून जाणाऱ्या ८२.५ अंश रेखांशावरची प्रमाणवेळ आली, पण मुंबईची स्वतःची वेळ तिच्या ३९ मिनिटं मागे, आणि मुंबईकर ती सोडायला तयार नव्हते. गिरणी कामगार चिडले, महापालिकाही जुन्या वेळेला चिकटून राहिली, आणि विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत एकाच शहरात दोन वेळा सुखाने नांदल्या. त्या काळच्या भिंतींत ती ओढ अजून मुरलेली आहे. तोच काटा अंधेरीच्या नव्या टॉवरमध्ये नेला तर ढिम्म हलत नाही.

बोरीबंदरचा प्रकार आणखी मजेचा. गर्दीत घंगाळ मांडून बसायला लाज सोडावी लागते, पण सोडाच. तिथे काटा एका जागी थांबत नाही. ३९ पर्यंत जातो, परत ९ वर येतो, पुन्हा जातो. १९०६ आधी रेल्वे मद्रासच्या वेळेवर चालायची, आणि ती आजच्या प्रमाणवेळेच्या साधारण ९ मिनिटं मागे होती. म्हणजे फाटकाबाहेर टांगेवाल्याची वेळ एक आणि फाटकाच्या आत गाडीची वेळ दुसरी. इतकी स्वच्छ दुहेरी नोंद मला दुसरीकडे कुठेच मिळाली नाही.

वस्तूंवरही चालतो. आमच्या काकांकडे लंबकाचं भिंतीवरचं घड्याळ आहे. ते स्वातंत्र्यानंतर घेतलं असं काका ठासून सांगायचे. त्याच्याखाली वाटी सोडली तर काटा उजवीकडे, थेट ६० वर. महायुद्धात १ सप्टेंबर १९४२ ते १५ ऑक्टोबर १९४५ एवढा काळ देशातली घड्याळं एक तास पुढे होती. तो रेटा या घड्याळाने खाल्लेला आहे, म्हणजे ते तेव्हा चालू होतं. काकू आता हे रोज ऐकवते.

तिथी-मुहूर्तासाठी घेणाऱ्यांनी मात्र आधी हे वाचा. राहुकाळात काटा हलत नाही. क्षयतिथीलाही नाही, आणि ते बरोबरच आहे. सूर्य-चंद्रातलं अंतर १२ अंशांनी वाढलं की एक तिथी होते. चंद्राची गती कमीजास्त होते म्हणून तिथी कधी १९-२० तासांत आटोपते तर कधी २६ तासांपर्यंत लांबते. एखाद्या तिथीने सूर्योदयच पाहिला नाही तर आपण तिचा क्षय झाला म्हणतो. काळाला त्यात कुठे खड्डा पडत नाही. शेजारच्या जोशीकाकांना हे पटलेलं नाही, ते यंत्रालाच नावं ठेवतात.

माहितीपत्रकात ठळक छापलंय, "लीप सेकंद पकडतो". लीप सेकंद म्हणजे पृथ्वीच्या फिरण्याशी जुळवून घ्यायला घड्याळांत घातलेला एक जादा सेकंद. शेवटचा घातला गेला ३१ डिसेंबर २०१६ ला. आपल्याकडे तो १ जानेवारी २०१७ च्या पहाटे साडेपाचला पडला. त्यानंतर एकही नाही, आणि २०३५ पर्यंत ही पद्धतच थांबवायचं ठरलंय. तेव्हा हा दावा तपासायचा कधी?

रोजच्या घरात काटा हलतो तो एकाच ठिकाणी, दारात. मामी "चला, येते हं" म्हणून उठली, चपलेत पाय घातला, एक हात जिन्याच्या कठड्यावर, आणि तिथून सुरू झालं: मुलीचं स्थळ, गुडघ्याचं ऑपरेशन, बंद झालेली भाजीवाली. आतल्या खोलीत काटा डावीकडे झुकला आणि वाटी पाऊण बुडून तशीच तरंगत राहिली. मामीने दुसरी चप्पल घातली तेव्हा कुठे ती तळाला गेली. पाणी गार नव्हतं, भोक साफ होतं. मी पुन्हा पुन्हा तपासलंय, जिन्यातल्या गप्पांना हे होतंच.

दुरुस्तीबद्दल मात्र चांगलं बोलवत नाही. काटा सैल झाला म्हणून बनवणाऱ्यांना फोन केला, तर "पाठवा, गेल्या मंगळवारी परत मिळेल" असं उत्तर. खोटं नव्हतं ते. कपाटात बघितलं तर दुरुस्त होऊन आलेला विपळकाटा खोक्यात पडलेला, आणि सैल काट्याचा टेबलावर. तो कुरिअरला देईपर्यंत दोन्ही घरात होते. सोबत बिल होतं, ते भरलं. आठवड्याने तेच बिल पुन्हा आलं. म्हणे पहिल्या वेळी पैसे भरले तेव्हा काम झालेलंच नव्हतं.