‘टायटल वन’ शाळा की शेजारची?

अमेरिकेत नव्याने आलेल्या मराठी कुटुंबांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर हा प्रश्न दर उन्हाळ्यात येतो. दोन अपार्टमेंट, मध्ये दहा मिनिटांचं अंतर. एकाचं भाडं झेपणारं, पण तिथली शाळा ‘टायटल वन’. दुसऱ्याचं भाडं ऐकून घाम फुटतो, शाळेचं रेटिंग मात्र दहापैकी नऊ. पाच मिनिटांत दहा उत्तरं येतात, ‘टायटल वन नकोच.’

हा शिक्का नेमका कशाचा, ते आधी बघू. १९६५ मध्ये राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी शालेय शिक्षणाच्या केंद्रीय कायद्यावर सही केली. तरुणपणी त्यांनी टेक्सासमधल्या कोटुला गावात गरीब मेक्सिकन-अमेरिकन मुलांना शिकवलं होतं. या कायद्याचं पहिलं प्रकरण म्हणजे टायटल वन: गरीब घरांतली मुलं जिथे जास्त, तिथे वॉशिंग्टनहून जादा पैसा. २०२४ मध्ये त्यासाठी १८ अब्ज डॉलरहून जास्त रक्कम मंजूर झाली. तरी शाळेचा मूळ गाडा चालतो तो राज्याच्या आणि स्थानिक करांच्या पैशावर. टायटल वन ही त्यावरची भर. हा पैसा येतो म्हणून राज्याने किंवा डिस्ट्रिक्टने, म्हणजे त्या भागातल्या सरकारी शाळा चालवणाऱ्या स्थानिक संस्थेने, स्वतःचा हात आखडता घ्यायचा नाही, असं कायदाच सांगतो.

म्हणजे शिक्का आहे तो पालकांच्या कमाईचा. शिकवणं कसं आहे, याबद्दल तो अवाक्षर काढत नाही.

नऊचं रेटिंग तरी काय सांगतं? त्यात मोठा वाटा परीक्षेतल्या गुणांचा, आणि गुण घरच्या सुबत्तेमागे चालतात. स्टॅनफर्ड विद्यापीठातले संशोधक शॉन रिअर्डन यांनी देशभरचे निकाल तपासले तेव्हा शिकागोच्या सरकारी शाळांतली मुलं तिसरी ते आठवीच्या पाच वर्षांत सरासरी सहा वर्षांइतकी पुढे गेलेली दिसली. त्या शाळांत बहुसंख्य मुलं गरीब घरांतली आहेत. म्हणून एकूण गुण बाजूला ठेवा आणि वर्षभरातली प्रगती, म्हणजे ‘ग्रोथ’चा आकडा शोधा.

आता वर्गात काय मिळतं ते. गरीब मुलं ४० टक्के किंवा जास्त असली, की शाळा ‘स्कूलवाइड’ पद्धत घेऊ शकते आणि पैसा सगळ्यांसाठी वापरू शकते: वाचनाचे खास शिक्षक, शाळेनंतरची शिकवणी, उन्हाळी वर्ग. तुमचा पगार कितीही असो, तुमचं मूलही त्यात आलं. दुसरी पद्धत ‘टार्गेटेड’. तिच्यात अभ्यासात मागे पडलेली मुलं निवडतात. तिथेही साधारणपणे घरचं उत्पन्न नव्हे, अभ्यासाची गरज बघतात. नऊवाल्या शाळेत पालक-शिक्षक संघाच्या देणग्या, बुद्धिबळाचे नि रोबॉटिक्सचे क्लब, चुरस हे सगळं भरपूर असतं. मूल हुशार असेल तर मजाच. पण वाचनात अडखळलं, तर या निधीतून आलेली जादा मदत तिथे नसते. मग खासगी शिकवणी आली, भाड्यावर आणखी भर.

पालक म्हणून टायटल वनमध्ये हक्कही जास्त. वर्षातून एकदा शाळेने सभा घेऊन हा कार्यक्रम समजावायचाच. शिक्षकांची पात्रता विचारलीत तर सांगावी लागते. आवश्यक परवाना नसलेल्या शिक्षकाने सलग चार आठवडे शिकवलं, तर घरी तसं कळवावं लागतं.

हा शेवटचा नियम उगाच आलेला नाही. अशा शाळांचं खरं दुखणं तेच आहे: शिक्षक टिकत नाहीत आणि वर्षाच्या मध्यात वर्ग बदली शिक्षकावर चालतो. एखाद्या शाळेत हे दर वर्षीचंच असेल, तर स्वस्त भाड्याचा मोह सोडा.

मूल बालवाडी ते तिसरीत असेल, इंग्रजी अजून अडखळत असेल, शाळा स्कूलवाइड असेल आणि शिक्षक टिकलेले असतील, तर मी डोळे झाकून स्वस्त घर घेईन. टायटल वनचा बहुतेक पैसा प्राथमिक वर्गांतच खर्च होतो. नववीतल्या मुलासाठी मात्र हा शिक्का आहे की नाही हे बघतही बसू नका. एपीचे, म्हणजे शाळेतच शिकवले जाणारे कॉलेजच्या पातळीचे, कोणते विषय आहेत ते विचारा.

लीजवर सही करण्याआधी शाळेच्या ऑफिसला फोन करून तीन गोष्टी विचारा: स्कूलवाइड की टार्गेटेड, गेल्या वर्षी किती शिक्षक सोडून गेले, आणि या पत्त्याला हीच शाळा लागते ना. हद्दी बदलतात, आणि घरमालकाला ते ठाऊक असेलच असं नाही.